उजव्या भुवईवरची जखम

मी मेकअप करते असं सांगितलं की समोरची बाई हमखास विचारते, आमच्याकडे पुढच्या महिन्यात लग्न आहे, नवरी तयार कराल का? मग मला सांगावं लागतं की बाई, माझ्या हातची नवरी मांडवात आली तर भटजी आधी पळतील. मी भाजलेली कातडी करते. फुटलेली डोकी, तुटलेली बोटं, आठवडाभर पाण्यात राहिलेली प्रेतं, ऐंशी वर्षांच्या सुरकुत्या. सिनेमात कुणाच्या पोटात चाकू शिरला आणि तुम्ही डोळ्यांवर हात घेतलात, तर ते काम माझ्यासारख्या कुणाचं तरी असतं. त्याला स्पेशल इफेक्ट्स मेकअप म्हणतात. ऐकणारी बाई "अगंबाई" म्हणते आणि विषय बदलते. चोवीस वर्षं हेच चाललंय, मला त्याचं आता काही वाटत नाही.

आज हे लिहायला बसले त्याचं कारण एक मेसेज आहे. फोनवरचा, चार छोट्या वाक्यांचा, माझ्याच बोटांनी लिहिलेला. तो माझ्या बाबांनी ऐकला होता की नाही, हे मला दीड वर्ष माहीत नव्हतं. ज्या एका माणसाला माहीत होतं, त्याला विचारायची माझी हिंमत होत नव्हती.

अर्नाळ्याच्या कोळीवाड्यातली मुलगी या धंद्यात कशी पडली ते थोडक्यात सांगते. मी आधी नट्यांचे केस करायची. तेव्हा बायकांनी केस बघायचे आणि चेहऱ्याला रंग पुरुषांनी लावायचा असा रिवाज होता, आणि तो का होता हे विचारलं की लोक हसायचे. एका शूटिंगला जखमा करणारे उस्ताद तापाने फणफणले होते आणि नायकाच्या दंडावर कोयत्याचा वार हवा होता. सगळे एकमेकांची तोंडं बघत उभे होते. मी म्हटलं, मी करते. वार कसा उघडतो हे मला ठाऊक होतं, कारण आईबरोबर मी दहा वर्षं मासळी कापली होती. सुरी फिरली की कातडी कशी आक्रसते, मांस कुठे पांढरं राहतं, कड आत वळते की बाहेर, हे मी घोळ आणि सुरमई कापता कापता शिकले. उस्ताद दुसऱ्या दिवशी आले, दंडाकडे बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, उद्यापासून कंगवा घरी ठेव. पुढची वीस वर्षं कष्टाची होती, पण ती सगळ्यांचीच तशी असतात.

आता कामणला, भिवंडी रोडवरून जरा आत, गोदामांच्या रांगेत माझा एक गाळा आहे. एका बाजूला पंख्यांचे खोके ठेवणारा, दुसऱ्या बाजूला फरशीवाला, आणि मधे मी. रॅकवर प्लास्टरचे चेहरे ओळीने मांडलेले आहेत, कारण कुठल्याही नटाच्या अंगावर खोटी कातडी चढवायची तर आधी त्याच्या चेहऱ्याचा साचा घ्यावा लागतो. त्या साच्यावर सिलिकॉनची पातळ जखम ओततात. आम्ही तिला नुसतं पीस म्हणतो. मी राहते उमेळ्याला, एका नव्या इमारतीत, जिथे खिडकीतून दिसणारी केळीची बाग दरवर्षी थोडी थोडी कमी होते. बाबा मात्र अर्नाळ्यालाच, भाऊ-वहिनीकडे राहायचे. आई जाऊन बरीच वर्षं झाली होती.

आमच्यात बापाला अरे-तुरे करतात. मीही बाबांना "तू"च म्हणायची. लिहिताना मात्र हात आपोआप अहो-जाहो लिहितो, त्याला माझा इलाज नाही.

बाबांनी होडी सोडली ती गुडघ्यांमुळे. पन्नास वर्षं समुद्रावर गेलेला माणूस एका सकाळी घरी बसला, आणि आठ दिवसांत त्याचा म्हातारा झाला. बंदरावर जायचे तर तरुण पोरं जाळी ओढताना म्हणायची, तात्या, बाजूला व्हा, लागेल. हे "बाजूला व्हा" त्यांना फार लागलं. घरी येऊन भिंतीकडे तोंड करून झोपायचे. वहिनीनं मला फोन केला की यांना कशात तरी गुंतव, नाहीतर हे असेच संपतील. मला काही सुचेना. मी म्हटलं, माझ्या गाळ्यावर पाठव, निदान चहाला सोबत होईल.

पहिल्या दिवशी बाबा रॅकवरचे चेहरे बघत हिंडले. मग मी एक पीस हातावर लावून बघत होते ते बघत बसले. कुठलाही पीस नटाला लावण्याआधी तो किती तास टिकतो ते तपासावं लागतं. घाम आला की गोंद सुटतो, कड उचलली जाते, आणि कॅमेऱ्याला ती कड दिसली की सगळ्या मेहनतीवर पाणी पडतं. माझी कातडी त्या कामाला निकामी, एसीत बसून मऊ झालेली. बाबांनी त्यांचा हात पुढे केला. म्हणाले, ह्याच्यावर लाव. मीठ आणि ऊन खाऊन खाऊन त्यांची कातडी चामड्यासारखी झाली होती. तिच्यावर जे टिकेल ते कुठेही टिकेल, हे मला लगेच कळलं. मनगटापासून कोपरापर्यंत माशानं चावा घेतल्यासारखी जखम मी त्यांना चिकटवली आणि सांगितलं, असाच घरी जा, रात्री सांग कुठे सुटलं.

ते एस.टी.त बसून अर्नाळ्याला गेले. घरी न जाता थेट बंदरावर गेले. मुशीनं, म्हणजे शार्कनं, धरलं म्हणाले. एक म्हातारी हळद घेऊन धावली, दोघांनी रिक्षा बोलावली. सगळे जमेपर्यंत बाबांनी दम धरला, मग कड पकडून जखम टराटरा सोलून काढली आणि म्हातारीच्या हातात दिली. म्हातारीनं त्यांना तीन पिढ्यांसकट शिव्या घातल्या. रात्री मला फोन केला तेव्हा त्यांच्या आवाजात मी कित्येक महिन्यांत न ऐकलेलं काहीतरी होतं. मनगटाशी सुटलं, म्हणाले, तिथं गोंद जास्त पायजे.

तिथून आठवड्यातून दोनदा हा प्रकार सुरू झाला. बाबा सकाळी यायचे, जखम घेऊन घरी जायचे. कधी दोरीनं गळा कापलेला, कधी इंजिनाच्या पंख्यात पाय गेलेला. बंदरावर लोक वाटच बघायचे. आज काय झालं तात्या, विचारायचे. बाबा वेदनेनं कण्हत सांगायचे, "खरं हाय रं," आणि सगळे पोट धरून हसायचे. ज्या पोरांनी त्यांना बाजूला व्हायला सांगितलं होतं तीच आता त्यांच्याभोवती जमायची. मला याचा किती आनंद होता ते कसं सांगू. मला वाटायचं मी माझ्या बापाला परत जिवंत केलं. आजही वाटतं, आणि तिथेच सगळी अडचण आहे.

हळूहळू त्यांना स्वतः पीस लावायचा नाद लागला. मी उरलेसुरले, दुय्यम दर्जाचे पीस डब्यात घालून द्यायची, बरोबर गोंद आणि रक्ताची बाटली. रक्त म्हणजे साखरेचा पाक, लाल रंग आणि चिमूटभर कोको. आरशासमोर बसून ते लावायचे आणि मला फोटो पाठवायचे. स्वतःला फोनचं काही जमायचं नाही, म्हणून त्यांच्याबरोबर होडीवर तीस वर्षं काढलेले एक काका फोटो काढून बाबांच्याच फोनवरून पाठवायचे. मी तपासायची आणि उत्तर द्यायची. कड दिसतेय. रंग गळ्यापाशी तुटलाय. रक्त वाहताना वर कसं जाईल? नापास.

हो, मी बापाला नापास करायची. त्यांनीच मागितलं होतं तसं. म्हणाले होते, पोरी, मला म्हातारा म्हणून सोडू नको, तुज्या हाताखालच्या मानसांना बोलतेस तसं बोल. मीही हात आखडून मार्क देणारी. दोन वर्षांत त्यांना दोनदाच पास केलं. त्यातलं एकदा घोट्यावरच्या सुजेला, जी खरोखरच इतकी सुंदर जमली होती की मी ती पद्धत नंतर एका सिनेमात वापरली. तो "पास" त्यांनी बंदरावर महिनाभर मिरवला.

मधे त्यांच्या छातीत दुखलं. विरारला नेलं, रक्तवाहिनीत स्टेंट बसवला, आणि रक्त पातळ ठेवायच्या गोळ्या सुरू झाल्या. घरी सोडताना डॉक्टरांनी मला आणि वहिनीला केबिनमध्ये बसवून समजावलं. कुठे कापलं तर बराच वेळ दाबून धरा. आणि डोक्याला मार लागला तर बाहेरून कितीही साधा वाटला तरी थांबू नका, तडक घेऊन या, आत रक्त साचू शकतं. बाबा तेव्हा बाहेर बाकावर बसून वॉर्डबॉयला दर्याच्या गोष्टी सांगत होते. घरी आल्यावर आम्ही त्यांना एवढंच सांगितलं की गोळी चुकवायची नाही. बाकीचं सांगून उगाच घाबरवायचं कशाला, असं मीच वहिनीला म्हटलं.

त्या आठवड्यात मी एका सिनेमासाठी कपाळावरची जखम बनवत होते. नायकाच्या डाव्या भुवईवर, हाडापर्यंत गेलेली. चार पीस ओतले, त्यातला एक जरा बुडबुडे आलेला होता. तो मी बाबांना दिला आणि सांगितलं, हा नीट लाव, घाई करू नको, मला मनापासून पास करायचंय. उद्या दुपारी फोटो पाठवतो, म्हणाले.

दुसऱ्या दिवशी माझं शूटिंग घोडबंदर रोडला एका बंद कारखान्यात होतं. जेवणाची सुट्टी उशिरा झाली. मी खुर्चीत बसून चहा घेत होते तेव्हा फोटो आला. बाबा होड्यांपाशी बाकावर बसलेले, तोंड जरा वर केलेलं, कपाळ फुटलेलं आणि रक्त नाकाच्या बाजूनं हनुवटीपर्यंत आलेलं. रक्तात वाळू चिकटलेली होती. मी दोन बोटांनी फोटो मोठा केला आणि तपासला. मग लिहिलं:

"बाजू चुकली, डाव्या भुवईचा आहे. रक्त फार काळं. कड उचलली आहे. नापास."

पाठवलं आणि फोन उलटा ठेवला. वाळूची कल्पना चांगली आहे असंही लिहिणार होते, पण शॉटला बोलावलं.

चारला वहिनीचा फोन आला. ती विरारच्या बाजारातून नुकतीच घरी पोचली होती. म्हणाली, बाबा उलट्या करतायत, बोलणं समजत नाही, रिक्षात घातलंय. तिचा आवाज ऐकला आणि मी तशीच निघाले. ब्रश हातात तसाच होता, तो गाडीत बसल्यावर कळलं. तेव्हाही मला वाटत होतं की हे छातीचं आहे, स्टेंटचं आहे. वाटेत पुलावर गाड्या अडकल्या होत्या, आणि मी ड्रायव्हरवर ओरडत होते, जणू त्यानंच त्या उभ्या केल्या होत्या.

हॉस्पिटलात पोचले तोवर बाबांना आत नेलं होतं. वहिनीच्या साडीच्या पदरावर डाग होता. ती म्हणाली, डोक्याला लागलंय, वाळूत ओढलेल्या होडीवर चढले होते, उतरताना पाय घसरला आणि कपाळ काठावर आपटलं. कधी, मी विचारलं. दुपारी म्हणे. तेवढ्यात डॉक्टर बाहेर आले आणि त्यांनीही तेच विचारलं, नक्की किती वाजता पडले? कुणालाच सांगता येईना. मी फोन काढला. तो फोटो उघडला आणि त्याच्याकडे न बघता फोन त्यांच्या हातात दिला. वेळ तिथे होती. एक वाजून चाळीस मिनिटं. डॉक्टरांनी वेळ बघितली, मग त्यांची नजर जरा खाली गेली, जिथे माझा मेसेज होता. त्यांनी तो वाचला. फोन माझ्या हातात परत दिला आणि आत गेले. ते रागावले असते तर मला बरं वाटलं असतं.

बाबा तीन दिवस होते. ऑपरेशन झालं, पण ते शुद्धीवर आले नाहीत. मी काचेतून बघायची. डोक्याला पांढरं बँडेज होतं, चेहरा सुजलेला. तिसऱ्या दिवशी सकाळी गेले. घरी आणल्यावर वहिनीनं त्यांच्या शर्टाच्या खिशातला डबा माझ्याकडे दिला. त्यात मी दिलेला डाव्या भुवईचा पीस होता, पावडर लावून नीट ठेवलेला, जसं मी शिकवलं होतं तसा. तो त्यांनी अजून लावलाच नव्हता.

म्हणजे बाजू चुकलीच नव्हती. रक्त काळं होतं कारण ते रक्त होतं. कड उचलली होती कारण ती कातडी होती. तीन गोष्टी माझ्या डोळ्यांनी अचूक टिपल्या होत्या. दुसऱ्या कुणाला त्या दिसल्याही नसत्या. तिन्ही मी चुका म्हणून लिहून पाठवल्या.

कोळीवाड्यात मला कुणी एका शब्दानं दोष दिला नाही. उलट बायका गळ्यात पडून म्हणायच्या, तुझ्यामुळे शेवटची दोन वर्षं हसत गेली बघ त्याची. बंदरावरच्या लोकांकडून कळलं की बाबा रक्तानं भरलेलं तोंड घेऊन बाकावर आले तेव्हा सगळे नेहमीसारखे हसले होते. "खरं हाय," ते म्हणाले होते, आणि लोक आणखी हसले होते. काकांनी फोटो काढला, पाठवला, माझं उत्तर आलं. पुढे काय झालं हे सांगणाऱ्यांना ठाऊक नव्हतं, कारण हसून झाल्यावर ते आपापल्या कामाला गेले होते. मागे राहिले फक्त काका.

मी मनाशी पुढचं सगळं चित्र तयार केलं. काकांनी मेसेज वाचून दाखवला. पोरगी म्हणते खोटं आहे, म्हणजे खोटंच. बाबा सांगत राहिले, काका हसत राहिले, आणि अडीच तास गेले. डोक्याच्या माराचं मला माहीत होतं. मी नुसतं "बाबा, हे काय?" एवढं विचारलं असतं तरी दोन वाजता ते हॉस्पिटलात असते. डॉक्टरांना मी नंतर विचारलं होतं की लवकर आणलं असतं तर. ते म्हणाले, असं सांगता येत नाही. भल्या माणसानं मला सोडवायचा प्रयत्न केला.

तेरावा झाल्यावर आठवडाभरात मी कामाला गेले. लोकांना वाटलं किती घट्ट मनाची आहे. घट्ट कसली, घरी बसवत नव्हतं. तोच सिनेमा, तीच डावी भुवई. मी रक्त तयार केलं तेव्हा हात आपोआप कोकोकडे वळला आणि ते नेहमीपेक्षा काळं झालं. दिग्दर्शकानं मॉनिटरवर बघितलं आणि म्हणाला, जरा लाल करा ना, असं खोटं वाटतंय. मी लाल केलं. नायक आरशात बघून खूश झाला. गाळ्यावर मी बाबांच्या हाताचा एक साचा ठेवला होता, तो उचलून आत खोक्यात ठेवला, आणि नवीन पीस आता माझ्याच हातावर तपासते. फार टिकत नाहीत.

काकांना मात्र मी टाळत राहिले. अर्नाळ्याला गेले तरी बंदराच्या बाजूला वळायची नाही. वर्षश्राद्धाला ते आले होते, पंगतीत माझ्यासमोर बसले होते, आणि मी वाढण्याच्या निमित्तानं आत निघून गेले. माझ्या लक्षात आलं नाही की तेही मला टाळत होते. भात संपायच्या आधीच उठून गेले होते.

गेल्या महिन्यात मी वहिनीला भेटायला गेले आणि परत निघताना बस चुकली. पुढच्या बसला वेळ होता. पाय बंदराकडे कसे गेले ते सांगता येणार नाही. दुपारची वेळ होती, बोंबील वाळत घातलेले होते, आणि काका त्या बाकावर एकटेच जाळ्याची भोकं शिवत बसले होते. मला बघून त्यांनी सुई खाली ठेवली. मी शेजारी बसले. त्यांच्या सुनेचं विचारलं, त्यांच्या डोळ्यांच्या ऑपरेशनचं विचारलं.

मग मी विचारलं, काका, त्या दिवशी माझा मेसेज बाबांना वाचून दाखवला होतात का?

"दाखवला," काका म्हणाले. "हसला तो. बोलला, पोरीचा डोला लई बारीक हाय."

मला वाटलं होतं हे ऐकलं की मी रडेन. मी रडले नाही. मी म्हटलं, काका, तुमचा काही दोष नाही, खोटं आहे असं मीच लिहिलं होतं, तुम्हाला कसं कळणार.

काकांनी मान हलवली. मग म्हणाले, सगळी गेल्यावर मी गमछा भिजवून पुसाया गेलो. पुसंना. परत येत व्हतं. मला तवाच कळलं, बाय.

मला आधी नीट समजलंच नाही. मग समजलं. मी त्यांना विचारलं, मग मला फोन का नाही केलात? माझा आवाज चढला होता. बोंबलांपाशी बसलेल्या दोन बायकांनी वळून पाहिलं. काकांनी डोळ्यांतलं पाणी पुसलं नाही, तसेच बोलत राहिले.

"लावत व्हतो. त्यानं माजा हात धरला. बोलला, तिला खोटं वाटतंय ना, मग वाटू दे. खरं रगत बगून पडते ती, ल्हानपनापासून. तिकडं कामावर कोन हाय तिला धराया? बांध तू, थांबंल." काकांनी मांडीवरचं जाळं बाजूला सारलं. "मी बांधलं. चा पाजला. जरा पडतो बोलला, म्हनून घरी सोडला. मला गोलीचं कोनी सांगितलं नव्हतं, बाय."

मी त्यांना सांगितलं की त्यांना कुणीच सांगितलं नव्हतं, बाबांनाही नाही, ते आम्हीच लपवलं होतं. काकांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. त्या हाताला सुंगटांचा, कोळंबीचा वास होता. आम्ही दोघं बसून राहिलो आणि मी बस दुसऱ्यांदा चुकवली.

बाबा बोलले ते खरं आहे. मासळीचं चालतं, माणसाचं नाही. सातवीत असताना विळीवर आईचं बोट कापलं, तर आई राहिली बाजूला आणि बाबांना मला जमिनीवरून उचलावं लागलं होतं. तेव्हापासून घरात कुणाला लागलं की आधी मला बाहेर पाठवायचे. चोवीस वर्षं मी रक्ताचं काम करते, आणि हे मी सेटवर एकाही माणसाला कळू दिलेलं नाही. साधी सुई टोचली तरी मी मान फिरवते. आणि त्या दुपारी माझ्या बापाच्या कपाळावरून वाहणारं रक्त मी दोन बोटांनी मोठं करून, चहा पीत, शांतपणे बघितलं होतं. मला काही झालं नव्हतं.